वाटलंतर आणि पिवळी अक्षरं

कंपनीत त्याला सगळे 'वाटलंतर' म्हणत. हे नाव कुणी आकसानं ठेवलेलं नव्हतं, ते त्यानं स्वतःच्या जिभेनं कमावलं होतं. तो छोट्या विमानांचा सहवैमानिक. उजव्या खुर्चीत बसून डावीकडच्या कॅप्टनला काही सुचवायचं झालं की त्याचं वाक्य "तुम्हाला वाटलं तर" इथून सुरू व्हायचं आणि बहुतेक वेळा तिथंच विझायचं. कॅप्टनला काय वाटायला हवं होतं, हे गुलदस्त्यातच राहायचं.

त्याला या नावाचा रागही नव्हता. उलट तो ते मिरवायचा. वैमानिकांच्या खोलीत चहाचा कप घेऊन बसला की स्वतःच्या फजितीचे किस्से स्वतःच रंगवून सांगायचा. बुटाच्या दुकानात विक्रेत्यानं इतक्या आपुलकीनं बूट चढवला, की तो चावतोय हे सांगणं त्याच्या जिवावर आलं. मग ते चावरे बूट घेऊन तो बाहेर पडला आणि वर्षभर लंगडला. न्हाव्यानं कानावरचे केस जास्त उडवले तर हा आरशात बघून "छान" म्हणायचा आणि टोपी विकत घ्यायचा. शेजाऱ्यांनी घर रंगवायला काढलं तेव्हा त्यांचं लोखंडी कपाट "चार दिवस" म्हणून याच्या गॅलरीत आलं. रंग वाळला, पुन्हा जुनाही झाला, पण कपाट गॅलरीतच. त्याच्या बायकोला कपडे वाळत घालायचे तर कपाटाला वळसा घालून जावं लागे. ती म्हणायची, नवरा आकाशात असतो तेवढंच बरं आहे, जमिनीवर याला कुणीही विकून खाईल.

हे सगळं ऐकून खोलीतले लोक पोट धरून हसायचे आणि तोही हसायचा. आपण भित्रे आहोत हे त्याला पक्कं ठाऊक होतं, पण आपला भित्रेपणा गरीब आहे, कुणाला चावत नाही, असा त्याचा समज होता. चावला तर फार तर आपल्याच पायाला.

हा समज सगळ्यात आधी परीक्षक बाईंनी मोडीत काढला. बाई स्वतः कॅप्टन म्हणून निवृत्त झालेल्या आणि आता वैमानिकांच्या परीक्षा घेणाऱ्या. चष्मा नाकाच्या टोकावर, आवाज हळू, आणि त्या हळू आवाजाचीच सगळ्यांना धडकी. त्यांच्या धंद्यात एक नियम आहे. उतरताना काही बिनसलं, तर उतरणं सोडून विमान पुन्हा वर न्यायचं. याला गो-अराउंड म्हणतात. दोघांपैकी कुणीही हा शब्द उच्चारला की दुसऱ्यानं का म्हणून विचारायचं नाही, हात आधी हलले पाहिजेत. कारणं वर गेल्यावर. शब्द उच्चारणारा कालचा पोर असो नाहीतर मुरलेला गडी, वजन सारखंच.

वाटलंतरला हा नियम तोंडपाठ होता. अडचण एवढीच की शब्द तोंडातून बाहेर पडत नव्हता. विमानाची नक्कल करणारी ती खोलीएवढी पेटी असते ना, तिच्यात बसवून बाईंनी त्याची परीक्षा घेतली. मुद्दाम चुकणारा कॅप्टन शेजारी दिला. कॅप्टन चुकत गेला, हा खाकरत गेला आणि पडद्यावरचं विमान डोंगरावर आपटलं. काही दिवसांनी बाईंनी पुन्हा संधी दिली, तेव्हाही डोंगर तोच आणि खाकरणंही तेच.

"डोंगर समोर दिसत असताना तुम्ही काय करत होता?" बाईंनी विचारलं.

"वाक्य जुळवत होतो," तो प्रामाणिकपणे म्हणाला. "क्रियापदापर्यंत आलो होतो."

बाई हसल्या नाहीत. त्यांनी शांतपणे सांगितलं, की आता शेवटचं. पुढच्या उड्डाणाला त्या स्वतः पाठीमागच्या घडीच्या खुर्चीवर बसतील. खऱ्या विमानात, खऱ्या प्रवाशांसह. वेळ आली आणि तोंडातून स्पष्ट शब्द आला नाही, तर त्याची खुर्ची गेली. मग वेळापत्रकाच्या खोलीत टेबल मिळेल, तिथं नम्र माणसांची फार गरज असते.

हे मात्र त्याला लागलं. हा माणूस आयुष्यात एकाच बाबतीत हट्टी होता, तो म्हणजे उडण्याच्या. बूट, केस, गॅलरी सगळं त्यानं लोकांना देऊन टाकलं होतं, पण सकाळी ढगांच्या वर निघाल्यावर काचेतून जे दिसतं ते त्याला कुणालाही द्यायचं नव्हतं. त्या रात्री जेवताना त्याचं लक्ष ताटात नव्हतं. बायकोनं कारण काढून घेतलं आणि म्हणाली, एवढंच ना, मग सराव कर. आधी त्या कपाटाला म्हणून बघ. तर हा खरोखरच गॅलरीत जाऊन शेजाऱ्यांच्या कपाटाला ठणकावून "गो-अराउंड" म्हणू लागला. कपाट जागचं हललं नाही. पलीकडच्या गॅलरीतून शेजारीणबाईंनी काय हवंय म्हणून विचारलं, तेव्हा काही नाही, काही नाही म्हणत तो आत पळाला.

दैवाची गंमत अशी, की बाईंनी ठरवलेल्या उड्डाणाला कॅप्टन म्हणून नेमके भाऊजी आले. भाऊजी म्हणजे त्याच्या ताईचे यजमान. कंपनी शक्यतो नात्यातली माणसं एका विमानात देत नसे, पण कंपनी छोटी, कॅप्टन मोजके, त्यामुळे अधूनमधून गाठ पडायचीच, आणि त्या आठवड्यात तर एकाचा पाय मुरगळलेला. इतर कॅप्टनांपुढे वाटलंतरची जीभ अडखळायची, भाऊजींपुढे ती पार टाळ्याला चिकटायची. ताईनं त्याला आईच्या मायेनं वाढवलेलं आणि भाऊजींनी शब्द टाकून या कंपनीत लावून दिलेलं. ताईकडे गेला की भाऊजी बसल्याशिवाय तो बसायचा नाही, आणि त्यांनी पंखा बंद केला तर घाम पुसत "बरंच झालं, गारठा होता" म्हणायचा. भाऊजी काही जमदग्नी नव्हते. कमी बोलणारे, मऊ स्वभावाचे, विमान चालवताना स्वतःशी गुणगुणणारे. खरं तर त्यांच्या रागाची भीती वाटावी असं त्यांनी कधी काही केलंच नव्हतं. राग दिसलेला नसल्यामुळे तो केवढा असेल याची कल्पना वाटलंतरनं स्वतःच लढवली होती आणि ती फार मोठी होती.

सकाळी निघताना आकाश स्वच्छ होतं. मागे थोडेच प्रवासी होते. त्यात गुडघ्याच्या शस्त्रक्रियेसाठी निघालेले एक आजोबा होते आणि एक बाई मांडीवर लहान मूल घेऊन बसल्या होत्या. परीक्षक बाई घडीची खुर्ची उघडून दोघांच्या पाठीमागे बसल्या. त्यांचा चष्मा आपल्या मानेवर रोखलेला आहे असं वाटलंतरला सारखं वाटत राहिलं, आणि तो कॉलर नीट करत राहिला.

जिथं उतरायचं ते विमानतळ डोंगरांच्या मध्ये होतं. मोठ्या विमानतळांवर धावपट्टीजवळून विमानाला वाट दाखवणारे रेडिओ-किरण सोडलेले असतात, तसं तिथं काही नव्हतं. तिथं वाट दाखवायची ती उपग्रहांनी. विमानातलं यंत्र उपग्रहांचे इशारे गोळा करून आकाशात एक न दिसणारा उतार आखतं आणि वैमानिकासमोर दोन रेषा ठेवतं, एक उजवं-डावं सांगणारी आणि एक वर-खाली सांगणारी. रेषा मधोमध धरल्या की विमान ढगातूनही धावपट्टीच्या तोंडाशी येतं. एका ठरलेल्या उंचीला ढग फाटून पट्टी दिसलीच पाहिजे, नाही दिसली तर वर. आणि यंत्रानं मध्येच हात वर केले, तरी वर.

ती दरी जवळ आली तशी ढगांनी भरून गेलेली दिसली. खालच्या मनोऱ्यानं कळवलं की ढग खाली आलेत, पण अजून नियमात बसतात. भाऊजींनी रिवाजाप्रमाणे उतरण्याची आखणी मोठ्यानं सांगितली. पट्टी दिसली नाही तर पूर्ण ताकद, नाक वर, यंत्र दाखवतं त्या शेवटच्या खुणेपर्यंत अगदी सरळ, आणि त्यानंतरच डावीकडे. कारण त्या खुणेच्या अलीकडे डाव्या अंगाला डोंगराचा खांदा पुढे आलेला आहे. वाटलंतरनं मान डोलावली. मान डोलावण्यात त्याचा हात कुणी धरू शकलं नसतं.

विमान ढगात शिरलं. काचेबाहेर पांढरं, दुसरं काही नाही. भाऊजींनी दोन्ही रेषा मधोमध धरून ठेवल्या होत्या, सुईत दोरा ओवावा इतक्या सफाईनं, आणि त्यांचं गुणगुणणं चालू होतं. वाटलंतर उंचीचे आकडे वाचून दाखवत होता. आकडे वाचायला त्याला कधीच त्रास झाला नव्हता, आकड्यांना राग येत नाही.

आणि यंत्राच्या पडद्यावर पिवळी अक्षरं उमटली.

त्या अक्षरांचा अर्थ साधा होता. यंत्र म्हणत होतं की आपण नेमके कुठं आहोत याची खात्री मला आता देता येत नाही. रेषा अजून मधोमध होत्या, सगळं सुरळीत दिसत होतं, पण हे सुरळीतपण चुकीच्या जागीही असू शकत होतं. पुस्तकात यावर एकच इलाज दिला आहे. खाली उतरणं तिथल्या तिथं थांबवायचं.

वाटलंतर खाकरला.

भाऊजींचं गुणगुणणं थांबलं नाही. मग यानं मनात वाक्य जुळवायला घेतलं. "भाऊजी, तुमच्या लक्षात आलंच असेल" अशी सुरुवात बरी वाटली. पण लक्षात आलं नसेल तर त्यात टोमणा दिसेल, म्हणून ती खोडली. "मला आपलं उगाच वाटतंय" हे घेतलं. त्यात उगाच हा शब्द ठेवावा की नाही यावर तो थोडा रेंगाळला. विमान रेंगाळत नव्हतं. ते आपलं शिस्तीत खाली चाललं होतं, आजोबा, गुडघा, मांडीवरचं मूल, परीक्षक बाई आणि वाक्याचा कच्चा मसुदा सगळ्यांना घेऊन.

"भाऊजी, ते पिवळं..." शेवटी त्याच्या तोंडून निघालं.

"बघितलं," भाऊजी म्हणाले. "या दरीत येतं कधी कधी. जाईल."

खरंच जाईल, असं त्याला क्षणभर वाटलंही. भाऊजी म्हणतात म्हणजे जाईल. पण अक्षरं जात नव्हती. तो त्या अक्षरांकडे बघत राहिला आणि त्याला स्वतःची मनापासून लाज वाटली. खुर्चीच्या उशीएवढंही मोठं नसलेलं यंत्र. त्याला ना भाऊजी, ना ताई, ना भीड. मला खात्री नाही, एवढं त्यानं सरळ तोंडावर सांगून टाकलं होतं. आणि इथं हाडामांसाचा माणूस, पगार घेणारा, उगाच शब्द घालू की नको यात अडकलेला.

"तुम्हाला वाटलं तर..." जीभ सवयीनं निघाली आणि मध्येच थांबली. या वाक्याचा उरलेला भाग पुरा होईल तेव्हा आपण कुठं असू, हे त्याला एकदम दिसलं.

"गो-अराउंड."

आवाज फाटका आला, वयात येणाऱ्या पोरासारखा. पण शब्द पूर्ण आला.

त्याला वाटलं होतं भाऊजी वळून बघतील. त्यांनी वळून बघितलं नाही. शब्द संपायच्या आत त्यांच्या हातानं इंजिनांच्या दांड्या पुढे ढकलल्या होत्या, नाक वर उचललं होतं आणि दोन्ही पंखे गर्जायला लागले होते. विमान वर चढतंय हे वाटलंतरनं पाहून सांगितलं, भाऊजींनी चाकं वर म्हटलं, यानं चाकं घेतली. हे सगळं इतकं बिनबोभाट, इतकं पाठ केल्यासारखं झालं की एवढ्यासाठी आपण इतकी वर्षं कण्हत होतो का, असं त्याच्या मनात येऊन गेलं.

तेवढ्यात डावा पंख किंचित झुकू लागला. स्वच्छ हवेत या दरीतून परत फिरताना सगळे वैमानिक लवकरच डावीकडे वळत, कारण डोंगराचा खांदा डोळ्यांना दिसे आणि चुकवता येई. भाऊजींच्या हातांना तेच वळण पडलेलं. आज खांदा ढगात होता आणि आपण खुणेच्या अलीकडे आहोत की पलीकडे, हे सांगणारं यंत्रच डळमळीत होतं.

"सरळ," वाटलंतर म्हणाला. "अजून सरळ."

'भाऊजी' म्हणायचंही राहून गेलं. पंख समतल झाला. घड्याळ आणि होकायंत्र बघत त्यानं विमान नाकासमोर चढू दिलं, खूण मागे पडायला जेवढा वेळ लागेल त्याहून जास्तच दिला आणि मगच वळायला हरकत नाही म्हणून सांगितलं. त्यानंतर मनोऱ्याला कळवलं, सगळ्यात शेवटी. विमान आधी, बोलणं नंतर. ढगाच्या वर आल्यावर लख्ख ऊन लागलं आणि पिवळी अक्षरं आली तशी निघून गेली, जणू काही झालंच नव्हतं.

दरीतले ढग हटायची चिन्हं नव्हती, म्हणून त्यांनी शेजारच्या मोठ्या विमानतळाकडे मोहरा वळवला. प्रवाशांना सांगण्याचं काम वाटलंतरकडे होतं. तोवर त्याची जीभ पूर्वपदावर आली होती, त्यामुळे दरीत वापरायची राहिलेली सगळी नम्रता प्रवाशांच्या वाट्याला आली. झालेल्या तसदीबद्दल त्यानं इतक्या परींनी क्षमा मागितली, की उतरताना आजोबांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, असू दे रे बाबा, गुडघा काही पळून जात नाही.

प्रवाशांना बसमध्ये बसवून दिल्यावर तिघं कर्मचाऱ्यांच्या उपाहारगृहात कोपऱ्यातल्या टेबलाशी बसले. वाटलंतरनं दोन्ही हात मांडीखाली दाबून धरले. परीक्षक बाईंनी चष्मा पुसला, पुन्हा नाकाच्या टोकावर ठेवला आणि त्याच्याकडे बघितलं.

"खुर्ची राहिली तुमची," त्या म्हणाल्या. "शब्द स्पष्ट आला आणि नंतरचं 'सरळ' तर मी कितीतरी कॅप्टनांच्या तोंडूनही ऐकलेलं नाही. पण अक्षरं आल्यापासून शब्द येईपर्यंत विमान बरंच खाली गेलं. तेवढ्या वेळात काय करत होता, हे मी विचारत नाही. मला माहीत आहे."

"क्रियापद शोधत होतो," तो म्हणाला. या वेळी बाई हसल्या, उठल्या आणि कार्यालयाला फोन करायला बाहेर गेल्या.

आता टेबलाशी फक्त भाऊजी आणि तो. खुर्ची राहिली याचा आनंद त्याला झाला होता, मोठ्यानं ओरडावं इतका, पण समोर भाऊजींनी कॉफीला हात लावला नव्हता आणि ती निवत चालली होती. परीक्षकांच्या देखत मेहुण्यानं कॅप्टनचं उतरणं मोडलं, वर पंखही सरळ करायला लावला. ताईला काय सांगायचं याची त्यानं मनातल्या मनात तयारी सुरू केली. मग सवयीनं त्यानं एखादा विनोद शोधला, स्वतःवरचाच, म्हणजे भाऊजी हसतील आणि प्रकरण मिटेल. कपाटाचा किस्सा अजून त्यांना सांगितलेला नव्हता.

त्यानं सुरुवात करायच्या आत भाऊजी बोलले. त्यांच्या आवाजात राग नव्हताच. तो नसल्याचं कळल्यावर वाटलंतरला हायसं वाटायला हवं होतं, पण वाटलं नाही.

"मला आज ती पिवळी अक्षरं दिसली तेव्हा मी तुझ्याकडे बघितलं," भाऊजी म्हणाले. "डोळ्याच्या कोपऱ्यातून. नेहमी बघतो. पार पहिल्या दिवसापासून. तू गप्प असलास की मी म्हणतो, हा गप्प आहे म्हणजे सगळं ठीक आहे. घरचा माणूस आहे, काही चुकलं तर हा आधी सांगेल. म्हणून तर मी तुला या कंपनीत आणलं. दुसरा कुणी शेजारी असला की मी सगळं दोनदा बघतो. तू असलास की एकदाच."

वाटलंतरच्या ओठांवर आलेला विनोद तिथंच राहिला. त्याला आठवायला लागलं. वाऱ्यानं विमान तिरकं ढकललं होतं आणि हा खाकरला होता, ती सकाळ. पट्टी फार उशिरा दिसली होती आणि यानं खिडकीबाहेर बघितलं होतं, तो पाऊस. चाकं उंचावरून धाडकन टेकली तेव्हा "वा, भाऊजी" म्हणाला होता, तो दिवस. यातले किती किस्से त्यानं चहाच्या कपाबरोबर रंगवून सांगितले होते, आणि खोली हसली होती. त्या प्रत्येक वेळी पलीकडच्या खुर्चीतला माणूस डोळ्याच्या कोपऱ्यातून याच्याकडे बघत होता आणि याच्या भित्रेपणावर भरवसा ठेवून, मागे भरलेलं विमान घेऊन, खाली उतरत होता.

भाऊजी त्याच्याकडे बघत होते. काही बोलायची गरज नव्हती. तो गप्प बसला असता तर त्यांनी कॉफी संपवली असती, ताईकडे जेवायला ये म्हणाले असते, आणि मागचंही सगळं ठीकच होतं असं धरून चालले असते.

त्यानं मांडीखालचे हात काढून टेबलावर ठेवले.

"भाऊजी," तो म्हणाला, "दर वेळी ठीक नव्हतं."

भाऊजींनी कप बाजूला सारला, खुर्ची पुढे ओढली आणि म्हणाले, "सांग."